पाच अणूंचा पुरावा अन् आपल्या पोरांच्या प्रयोगवह्या

118 नंबरचं मूलद्रव्य, ओगॅनेसन, आजवर कोणी डोळ्यांनी पाहिलेलं नाही. सगळ्या जगात मिळून त्याचे पाच, फारतर सहा अणू तयार झालेत आणि त्यातला एकेक अणू सेकंदाच्या हजाराव्या भागाच्या आसपास टिकून फुटून गेला. तरी आवर्तसारणीच्या शेवटच्या घरात त्याचं नाव पक्कं बसलंय आणि आमच्या इकडची दहावीची पोरं ते नाव अणुअंकासकट धडाधड म्हणून दाखवतात. माझं म्हणणं असं आहे की नाव पाठ करून घेण्याआधी त्या पोरांना हे सांगितलं पाहिजे की हे मूलद्रव्य 'आहे' असं कोणी ठरवलं, कशावरून ठरवलं, आणि ठरवायला इतकी वर्षं का लागली. आणि ते त्यांच्या डोक्यात खरंच उतरावं असं वाटत असेल तर खेड्यातल्या शाळांमधलं दहावी-बारावीचं प्रॅक्टिकल खरंखुरं झालं पाहिजे, कारण ज्या पोरानं आयुष्यात एकही वाचन, म्हणजे मोजमाप, स्वतः घेतलेलं नाही त्याला पुरावा म्हणजे काय हे तुम्ही कितीही गोष्टी सांगून समजावू शकत नाही.

मी अमरावती जिल्ह्यातल्या मोर्शी तालुक्यातला, शिकलो बी.एस्सी. केमिस्ट्री, करतो संत्र्याची बाग आणि थोडी तूर-कपाशी, आणि संध्याकाळी गावातली पोरं-पोरी घरी येतात त्यांना विज्ञान-गणित सांगतो. त्यामुळे प्रयोगवह्या नेहमी माझ्या हातात येतात. एकदा बहिर्वक्र भिंगाच्या नाभीय अंतराचा प्रयोग बघत होतो. तीन वाचनं लिहिलेली, 10.1, 10.2, 10.1, खाली सरासरी. दुसरी वही उघडली तर तेच तीन आकडे. तिसरीत पण तेच. आणि एका मुलीनं घाईत सेंटीमीटरच्या जागी चुकून 'सेकंद' लिहिलं होतं, तर तिच्या पुढच्या चार-पाच वह्यांमध्ये भिंगाचं अंतर सेकंदातच उतरलेलं, आणि प्रत्येक पानाखाली तपासल्याची लाल सही. मी विचारलं भिंग कसं होतं, जाड होतं का पातळ, तर पोरं एकमेकांकडे बघायला लागली. भिंग शाळेच्या कपाटात आहे म्हणतात, कपाट लॅबमध्ये आहे, आणि लॅब उघडी त्यांनी पाहिलेली नाही.

हे एका शाळेचं गाऱ्हाणं नाही म्हणून नाव घेत नाही. आसपासच्या गावांमधून माझ्याकडे येणाऱ्या वह्या साधारण अशाच असतात, काही शाळा आहेत जिथं सर स्वतः जीव तोडून प्रयोग करून घेतात, त्यांच्या पोरांशी बोलताना दोन मिनिटांत फरक कळतो, पण त्या थोड्या आहेत. दहावीला विज्ञानाच्या शंभरातले 20 मार्क प्रॅक्टिकलचे, बारावीला केमिस्ट्रीचे 30. हे मार्क जवळपास सगळ्यांना भरून मिळतात आणि म्हणूनच कोणाचीच तक्रार नसते, ना पालकांची, ना पोरांची.

आता त्या 118 कडे या. अणुअंक म्हणजे केंद्रकातल्या प्रोटॉनची संख्या, एवढं पोरांना माहिती असतं, म्हणजे 118 प्रोटॉनचं केंद्रक हवं असेल तर आधी बेरीज जमली पाहिजे. मॉस्कोच्या उत्तरेला दुबना नावाचं गाव आहे, तिथं अणुकेंद्रकीय संशोधनाची मोठी संस्था आहे, तिथल्या लोकांनी अमेरिकेतल्या लिव्हरमोरच्या लॅबबरोबर हे काम केलं. त्यांनी कॅलिफोर्नियम घेतलं, त्यात प्रोटॉन 98, आणि त्याच्यावर कॅल्शियमचा मारा केला, कॅल्शियमचे प्रोटॉन 20. झाले 118. पण हे आपल्या चुन्यातलं नेहमीचं कॅल्शियम नाही, कॅल्शियम-48 हे समस्थानिक आहे, म्हणजे प्रोटॉन तेवढेच पण न्यूट्रॉन वेगळे, नैसर्गिक कॅल्शियमच्या हजार अणूंमागे याचे दोनसुद्धा भरत नाहीत, ते वेगळं काढायला भयंकर पैसा लागतो. तेच का हवं, तर त्यात न्यूट्रॉन जास्त, 28 आहेत, आणि केंद्रक जितकं जड तितके त्याला धरून ठेवायला न्यूट्रॉन जास्त लागतात, कारण प्रोटॉन तर एकमेकांना ढकलतच असतात. प्रकाशाच्या वेगाच्या साधारण दहाव्या हिश्श्यानं हे कॅल्शियम महिनोन्‌महिने त्या कॅलिफोर्नियमवर आदळत ठेवायचं. बहुतेक टकरीत काहीच होत नाही, किंवा जुळलेलं केंद्रक लगेच फाटतं. चारावर एकोणीस शून्यं ठेवून जो आकडा होतो, साधारण तितके कॅल्शियमचे अणू मारल्यावर त्यांना तीन घटना मिळाल्या. तीन! प्रोटॉन-न्यूट्रॉन धरून कॅलिफोर्नियमचे 249 आणि कॅल्शियमचे 48 मिळून 297, त्यातून तीन न्यूट्रॉन उडून जातात आणि राहतं 294 वस्तुमानांकाचं ओगॅनेसन.

बरं, तीन अणू मिळाले हे कळलं कसं, खरा विषय इथं आहे. तयार झालेलं केंद्रक चुंबकांमधून वेगळं काढून सिलिकॉनच्या एका शोधकावर (डिटेक्टरवर) जाऊन रुततं, कुठल्या जागी रुतलं आणि कधी रुतलं याची नोंद होते. मग त्याच जागेवरून एक अल्फा कण निघतो, ठरावीक ऊर्जेचा, साधारण 11.65 दशलक्ष इलेक्ट्रॉन व्होल्ट. अल्फा गेला म्हणजे दोन प्रोटॉन गेले, 118 चं झालं 116, लिव्हरमोरियम. काही मिलिसेकंदांत त्याच जागेवरून दुसरा अल्फा, झालं 114, फ्लेरोव्हियम. त्यानंतर सेकंदाच्या साधारण दहाव्या-पाचव्या हिश्श्यात एकतर तेच मधोमध फुटतं नाहीतर अजून एक अल्फा सोडून 112 होतं आणि मग ते फुटतं. म्हणजे मूळ अणू कोणी पाहिलेला नाही, त्यानं जाताना एकाच जागी, ठरावीक क्रमानं, ठरावीक ऊर्जेच्या आणि ठरावीक वेळेच्या ज्या खुणा सोडल्या त्या पाहिल्या.

हे सांगत होतो तेव्हा नववीतल्या एका मुलीनं विचारलं, "पण काका, त्याच जागी योगायोगानं दुसऱ्याच कशातून अल्फा निघाला असंल तर?" मला त्या दिवशी जेवढा आनंद झाला तेवढा कोणी 95 टक्के आणून दाखवले तरी होत नाही. कारण हाच प्रश्न त्या शास्त्रज्ञांनी स्वतःला विचारला होता. म्हणून त्यांनी असं केलं होतं की अशी संशयास्पद सुरुवात दिसली की मारा आपोआप बंद व्हायचा, म्हणजे पुढचं फुटणं शांततेत मोजता येईल. योगायोगानं अशी साखळी जमण्याची शक्यता किती याचं गणित मांडलं. आणि सगळ्यात महत्त्वाचं, 116 हे क्युरियमवर कॅल्शियम मारून वेगळ्या वाटेनंही बनवलं, 96 आणि 20, आणि बघितलं की त्याच्या खुणा 118 च्या साखळीतल्या 116 च्या खुणांशी जुळतात का. जुळल्या. पहिली घटना 2002 ची, आणखी दोन 2005 च्या, सगळं मांडून जाहीर केलं ऑक्टोबर 2006 मध्ये. मान्यता मिळाली 30 डिसेंबर 2015 ला आणि नाव पक्कं झालं 28 नोव्हेंबर 2016 ला, या सगळ्या कामात आयुष्य घातलेल्या युरी ओगॅनेसियन यांच्यावरून. पहिल्या घटनेपासून मान्यतेपर्यंत तेरा वर्षं. आपल्याकडे भिंतीवर थोडा जुना तक्ता असेल तर तिथं अजून 'अनुनऑक्टियम' असंच दिसेल, ते या वाट बघण्याच्या काळातलं कामचलाऊ नाव.

आणि इतकी वाट बघायचं कारणही आहे. 1999 मध्ये अमेरिकेतल्या बर्कलीच्या लॅबनं जाहीर केलं होतं की आम्हाला 118 सापडलं, शिशावर क्रिप्टॉन मारून, 82 आणि 36, बेरीज बरोबर 118 च. मोठी बातमी झाली. मग जर्मनीतल्या लोकांनी तोच प्रयोग केला, काही मिळालं नाही. जपानमध्ये केला, काही नाही. शेवटी बर्कलीनं स्वतःच परत केला, तरी काही नाही. तेव्हा त्यांनी जुन्या प्रयोगाचा मूळ डेटा, म्हणजे यंत्रानं स्वतः नोंदवलेली कच्ची माहिती उघडली आणि त्यात ती साखळी नव्हतीच. 2001 मध्ये दावा मागे घेतला. चौकशीत निष्कर्ष निघाला की विश्लेषण करणारे व्हिक्टर निनोव्ह यांनी त्या नोंदी बनावट तयार केल्या होत्या, त्यांनी ते नाकारलं, पण लॅबनं त्यांना कामावरून काढलं. ते आधी जर्मनीत डार्मस्टाटला होते, तर तिथल्या लॅबनंही आपल्या जुन्या नोंदी काढून तपासल्या, तिथंही काही बनावट निघाल्या, बाकीच्या खऱ्या नोंदी पुरेशा होत्या म्हणून तिथं शोधलेली मूलद्रव्यं टिकली. हे सगळं त्यांनी लपवलं नाही, आपल्याच तोंडानं जगाला सांगितलं. आणि त्याच बर्कलीनं 2009 मध्ये 114 बनवून दुबनावाल्यांच्या नोंदी बरोबर आहेत हे दाखवलं, म्हणजे ज्यांच्याशी शर्यत होती त्यांच्याच बाजूनं साक्ष दिली.

या प्रकरणातली जी गोष्ट मला झोपू देत नाही ती अशी, की त्या 1999 च्या निबंधावर एकट्या निनोव्हचं नाव नव्हतं, बरेच सहलेखक होते, चांगले, अनुभवी, प्रामाणिक लोक. पण मूळ डेटा उघडून त्या साखळ्या स्वतः शोधून बघायचं काम प्रत्यक्षात एकाच माणसावर सोडलं होतं, बाकीच्यांनी विश्वासावर नावं दिली. आता आपली प्रयोगवही घ्या. पोरगा लिहितो मी वाचन घेतलं, त्यानं घेतलेलं नाही. सर सही करतात की तपासलं, त्यांनी वाचन घेताना पाहिलेलं नाही. बाहेरून परीक्षक येतात, वही बघून मार्क देतात. तीन माणसांच्या सह्या आणि भिंग कपाटात. बर्कलीत हे एकदा झालं तेव्हा सगळ्या जगानं दखल घेतली, चौकशी बसली, नियम बदलले. आमच्याकडे दरवर्षी हे गावोगाव होतं आणि त्याला परीक्षा म्हणतात. पंधरा-सोळा वर्षांच्या पोराला आपण विज्ञानाच्या नावाखाली पहिली गोष्ट शिकवतो ती अशी की न पाहिलेलं पाहिलं म्हणून लिहायचं आणि मोठ्या माणसांची त्याला हरकत नसते. हे मला फार लागतं, कारण ती पोरं खोटी नाहीत, त्यांना दुसरा रस्ताच कोणी दाखवलेला नाही.

गावातले लोक मला विचारतात, बागेत शेजारचे भाऊ तर नेहमीच विचारतात, "हे पाच कण बनवून त्याइले भेटलं काय? आपल्या पोट्ट्याइले काय कामाचं हाय थे?" प्रश्न अगदी बरोबर आहे आणि त्याला गुळमुळीत उत्तर देऊ नये. बरेच विज्ञानप्रेमी इथं लगेच सांगतात की अहो आज उपयोग नाही पण उद्या होईल, बघा टेक्नेशियम मानवनिर्मित होतं आणि आज दवाखान्यात हाडांच्या स्कॅनला वापरतात, अमेरिशियम धुराची सूचना देणाऱ्या यंत्रात असतं. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत. पण 118 च्या बाबतीत हे सांगणं मला बरोबर वाटत नाही. मिलिसेकंदभर टिकणाऱ्या वस्तूचा उपयोग होणार नाही, आणि होईल असं सांगून पोरांना ओढणं म्हणजे परत तेच, न पाहिलेलं पाहिलं म्हणून सांगणं. खरं उत्तर असं आहे की त्यांना हे बघायचं होतं की निसर्ग किती प्रोटॉन एका जागी धरून ठेवू शकतो, ही हद्द कुठं आहे. सिद्धान्त सांगतो की काही ठरावीक संख्यांचे प्रोटॉन-न्यूट्रॉन असले की केंद्रक जास्त घट्ट बसतं, 2, 8, 20, 28, 50, 82, 126 या त्या संख्या, आणि 1960 च्या दशकापासून असा अंदाज आहे की पुढं 114 प्रोटॉन आणि 184 न्यूट्रॉनच्या आसपास असंच एक टिकाऊ ठिकाण असावं. ओगॅनेसनमध्ये न्यूट्रॉन 176, म्हणजे अजून आठ कमी. त्या ठिकाणापर्यंत अजून कोणी पोचलेलं नाही, पण जसजसे न्यूट्रॉन वाढतात तसतसं आयुष्य वाढताना दिसतं, म्हणजे अंदाजाची दिशा बरोबर निघाली.

आणि त्या भाऊंना मी उलट विचारतो की तुमच्या सोयाबीनच्या पिशवीवर उगवण छापलेली असते, तरी तुम्ही पेरणीआधी शंभर दाणे ओल्या गोणपाटात गुंडाळून का ठेवता? कारण एका वर्षी छापलेलं खोटं निघालं, सगळं वावर मोकळं राहिलं, दुबार पेरणी करावी लागली. सत्तरच्या वर दाणे उगवले तर पेरायचं. पिशवीवर कंपनीची सही असते, पण तुमचा विश्वास गोणपाटावर असतो, आणि जर्मनी-जपानवाल्यांनी बर्कलीच्या दाव्याचं नेमकं हेच केलं. ज्या माणसाला बोगस बियाणं, बनावट औषध, कुठल्यातरी टॉनिकनं संत्रा गळत नाही असं सांगणारा एजंट, रात्रीतून कर्ज माफ होतंय सांगणारा मेसेज, या सगळ्यातून वाट काढत जगायचंय त्याच्या पोराला तपासून बघायची सवय लागणं हे इंग्रजी बोलता येण्यापेक्षा कमी गरजेचं आहे का?

ओगॅनेसनचे गुणधर्म हा तर याच सवयीचा उत्तम धडा आहे. आवर्तसारणीत ते 18 व्या गणात आहे, हेलियम, निऑन, अरगॉनच्या खाली, म्हणून पोरं लिहितात की हा राजवायू, सहसा कशाशीच अभिक्रिया न करणारा. काही तक्त्यांमध्ये त्याच्या घराला वायूचाच रंग दिलेला असतो. पण त्याच्यावर एकही रासायनिक प्रयोग झालेला नाही, होऊच शकलेला नाही, आपण जे सांगतो ते गणितावरून. आणि गणित काय सांगतं, तर पुरेसे अणू एकत्र आले असते तर नेहमीच्या तापमानाला ते वायू नसतं, घन असतं, बहुधा अर्धवाहक (सेमीकंडक्टर). कारण 118 प्रोटॉनच्या ओढीनं सगळ्यात आतले इलेक्ट्रॉन प्रकाशाच्या वेगाच्या साधारण 86 टक्के वेगानं फिरतात आणि तिथं आइन्स्टाइनच्या सापेक्षतेचे नियम लागतात, आतली कवचं आकसतात, बाहेरची रचना बदलते. हे ऐकून पोरांना वाटतं की कुठल्यातरी दूरच्या जगातली गोष्ट, तर त्यांना सांगतो की आईच्या मंगळसूत्रातल्या सोन्याचा पिवळा रंग आणि थर्मामीटरमधला पारा पातळ राहणं, दोन्ही याच कारणानं. नाहीतर सोनंही चांदीसारखंच पांढरट दिसलं असतं. 2018 च्या एका गणनेत तर असं दिसलं की ओगॅनेसनच्या बाहेरच्या इलेक्ट्रॉनची आपण चित्रात काढतो तशी कवचंच स्पष्ट उरत नाहीत, सगळं एकमेकांत मिसळल्यासारखं होतं. म्हणजे 2,8,18 करून गोल काढायची जी पद्धत आपण शिकवतो ती या घरापर्यंत येता येता मोडते. हे दहावीच्या पोराला समजतं, त्याच्या भाषेत सांगितलं तर नक्की समजतं, आणि हेही समजतं की मोजलेली गोष्ट आणि गणितानं सांगितलेली गोष्ट या दोन वेगळ्या आहेत, दोन्हीला मान आहे पण वहीत दोन्ही वेगळ्या रकान्यात लिहायच्या.

2023 मध्ये एनसीईआरटीनं, म्हणजे केंद्राची पाठ्यपुस्तकं काढणाऱ्या संस्थेनं, दहावीच्या पुस्तकातून आवर्ती वर्गीकरणाचा धडाच काढला, त्यावर देशभर बरीच ओरड झाली, ती बरोबरच होती. आपल्या बालभारतीच्या दहावीच्या पुस्तकात तो धडा आहे, पहिल्या भागात दुसराच. पण धडा पुस्तकात असून तो जर फक्त गण-आवर्त-अणुअंक पाठ करण्यापुरता राहिला तर आमच्या पोरांसाठी तो असून नसल्यासारखाच, हे बोलायला कोणी तयार नाही. धडा वाचवायला पत्रकं निघतात, लॅबचं कुलूप काढायला निघत नाहीत.

आता लोक म्हणतील लॅबला पैसे कुठून आणायचे. मान्य आहे, काही सामान विकतच घ्यावं लागतं. पण दहावीच्या वहीतला एक प्रयोग बघा, मोरचुदाच्या (कॉपर सल्फेटच्या) द्रावणात लोखंडी खिळा ठेवायचा, खिळ्यावर तांब्याचा तांबूस थर येतो आणि निळं द्रावण फिकट हिरवट होत जातं, कारण लोखंड तांब्यापेक्षा जास्त अभिक्रियाशील. आमच्या संत्र्याच्या पट्ट्यात मोरचूद नाही असं घर शोधून सापडणार नाही. झाडाच्या डिंक्या रोगासाठी, बुरशीसाठी आपण बोर्डो मिश्रण करतो, एक किलो मोरचूद, एक किलो कळीचा चुना, शंभर लिटर पाणी, प्लास्टिकच्या टाकीत. आणि मिश्रण बरोबर झालं का हे कसं बघतात? विळ्याची पात घासून चकचकीत करायची आणि त्यात बुडवून थोडा वेळ धरायची. पातीवर तांबूस चढलं तर अजून मोकळं तांबं शिल्लक आहे, चुन्याची निवळी वाढवा, नाहीतर पानं करपतील. हा वहीतलाच प्रयोग आहे! माझ्या बागेत काम करणाऱ्या मावशी, ज्या चौथीच्या पुढं शिकल्या नाहीत, त्या हे दरवर्षी करतात, पातीकडे बघून "अजून नाही झालं बापा" असं खात्रीनं सांगतात, आणि त्यांचा दहावीतला नातू हाच प्रयोग दुसऱ्याच्या वहीतून उतरवतो. मी त्याला बागेत नेऊन आजीजवळ उभं केलं, पात बुडवायला लावली, मग वहीतलं समीकरण वाचायला लावलं. तो बराच वेळ पातीवरचा तांबूस थर नखानं खरडून बघत होता.

शिक्षकांची बाजूही मला माहिती आहे आणि ती हलकी नाही. निवडणुकीची कामं त्यांच्याच डोक्यावर, सर्वेक्षणं त्यांच्यावर, रोज काहीतरी ऑनलाइन भरायचं, कित्येक शाळांत विज्ञानाला एकच माणूस, प्रयोगशाळा सहायकाची जागा रिकामी, वर्गात साठ पोरं. आम्लाची बाटली फुटली, कोणाला भाजलं तर सगळं त्यांच्यावर येणार ही भीती खरी आहे. त्यामुळे सरांना दोष देऊन हा विषय संपवणाऱ्यांशी मी सहमत नाही, ज्या सरांनी मला केमिस्ट्रीची गोडी लावली ते असेच एकट्यानं सगळं ओढणारे होते. दोष या व्यवस्थेत आहे की प्रयोग न करता मार्क देता येतात आणि प्रयोग करणाऱ्या शाळेला त्याचा एक मार्कही जास्त मिळत नाही. उलट तिथल्या पोराचं वाचन जरा वेगळं आलं, 9.6 आलं, तर त्याचेच मार्क कापले जायची भीती. खरं वाचन लिहिणाऱ्याला तोटा आणि उतरवणाऱ्याला फायदा असेल तर कुठलं पोरगं भिंगाला हात लावील?

म्हणून माझी मागणी मोठी नाही. वीस-पंचवीस प्रयोगांची यादी असते, ती हवी तर कमी करा, आठच ठेवा, पण ते आठ प्रत्येक पोरानं स्वतःच्या हातानं केलेच पाहिजेत. परीक्षकानं वहीची पानं मोजण्यापेक्षा पोराला एक भिंग किंवा एक परीक्षानळी हातात द्यावी आणि दहा मिनिटं बघत बसावं. वाचन पुस्तकातल्या आकड्यापेक्षा वेगळं आलं आणि पोराला ते का वेगळं आलं असावं हे सांगता आलं, तर त्याला पूर्ण मार्क द्यावेत, हे बोर्डानं लेखी कळवावं म्हणजे सरांनाही धीर येईल. प्रयोगशाळा सहायकाच्या जागा भराव्यात, आणि त्या भरेपर्यंत गावातले बी.एस्सी. झालेले जे पोरं-पोरी घरी बसून भरतीची वाट बघतायत त्यांना मानधनावर घ्यावं, आमच्या एकट्या पंचक्रोशीत असे कितीतरी आहेत, ज्यांना विषय येतो आणि वेळही आहे. आणि आवर्तसारणीच्या धड्यात 118 च्या घराशेजारी चार ओळी टाकाव्यात: कधी दावा झाला, तो कसा खोटा ठरला, मग खरा पुरावा कोणी कसा दिला. त्या चार ओळी परीक्षेला विचारल्या नाहीत तरी चालतील.

जपानच्या कोसुके मोरिता यांच्या गटानं 113 नंबरचं मूलद्रव्य, निहोनियम, बनवलं तेव्हा बिस्मथवर जस्ताचा मारा केला, 83 आणि 30. पहिला अणू 2004 मध्ये, दुसरा 2005 मध्ये, आणि तिसरा थेट 2012 मध्ये. मधली सात वर्षं मारा केला तेव्हा तेव्हा नोंदीत शून्यच, आणि ते शून्य त्यांनी शून्य म्हणूनच लिहिलं. मोठ्या खर्चाची यंत्रं, वर सरकार, शेजारी स्पर्धा, तरी मधल्या काळात एक अणू मिळाला असं कोणी लिहून टाकलं नाही, आणि म्हणूनच तिसरा मिळाला तेव्हा जगानं मानला, 113 चा मान जपानला गेला. हे मी पोरांना सांगतो तेव्हा सगळ्यात जास्त प्रश्न याच गोष्टीवर येतात, की त्यांना सात वर्षं कोणी रागावलं नाही का, पगार मिळत होता का, मार्क कापले नाहीत का.

येत्या पालक सभेत मी हा विषय मांडणार आहे. शाळेला विनंती एवढीच की या सत्रापासून दर शनिवारी सकाळी एक तास लॅब उघडी ठेवावी, मी स्वतः येऊन बसायला तयार आहे, सरांची परवानगी असेल तर त्यांच्या हाताखाली काम करीन. मोरचूद, चुना, खिळे, लिंबू, हळद, जुना चष्म्याचा भिंग, एवढं सामान आम्ही पालक आणू. आणि पहिल्या शनिवारी भिंगाचाच प्रयोग घ्यायचा, ज्याला जे वाचन येईल ते त्यानं फळ्यावर आपल्या नावासमोर लिहायचं, 10.1 आलं तर 10.1 आणि 9.6 आलं तर 9.6.